सावेदादांची हरवलेली फीत



ऐतिहासिक माहितीपट संपताना जी नावे भराभर वर सरकतात, त्यांत 'संशोधन साहाय्य' या शब्दांखाली कधीमधी माझे नाव असते. तोवर प्रेक्षक उठलेले असतात! म्हणून स्वतःपेक्षा या वाटेवरच्या मूळपुरुषाबद्दल लिहितो.

हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, हे मुंबईचे छायाचित्रकार. ७ जुलै १८९६ रोजी वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंची हलती चित्रे दाखवली गेली, आणि सावेदादांना त्या यंत्राचे वेड लागले. त्यांनी इंग्लंडहून कॅमेरा मागवला आणि १८९९ मध्ये हँगिंग गार्डनमधली एक कुस्ती टिपली. डिसेंबर १९०१ मध्ये केंब्रिजचे सीनिअर रँग्लर रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे मायदेशी परतले, त्यांच्या स्वागताचेही चित्रण केले. तो भारतातला पहिला वार्तापट मानला जातो. फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' यायला अजून बारा वर्षे होती. गणितात पहिला आलेला मुलगा घरी येतो, हे सावेदादांना चित्रित करण्याजोगे वाटले, याचे मला फार अप्रूप आहे.

ती फीत आज पाहायला मिळत नाही. त्या काळची नायट्रेटची फीत चटकन पेट घेई. न पेटली तर डब्यातच कुजे. म्हणून परांजप्यांचे स्वागत आपण फक्त वाचायचे.

मुंबई कशाला, धरमपेठेतलेच सांगतो. जुन्या वस्तीवरच्या एका माहितीपटासाठी मला फोटो हवे होते. गोकुळपेठेतल्या एका आजींनी ट्रंकभर फोटो दाखवले. मागे एकही नाव नव्हते. "पुढच्या वेळी निवांत बस, सगळे सांगते," म्हणाल्या. मी दिवाळीनंतर गेलो. आजी पावसाळ्यातच गेल्या होत्या. ते चेहरे मी माहितीपटात घेतले, पण कोण कुणाचे, ते सांगता आले नाही. ती चूक माझीच.

"कोण, कुठे, केव्हा, ते आधी लिहा," असे इतिहासाचे सर वहीवर लाल शाईने लिहीत. त्याचा अर्थ मला त्या दिवशी कळला.

तेव्हा एक विनंती. संमेलनाला येताना घरातला दहावीचा गटफोटो घेऊन या. तिसऱ्या रांगेत डावीकडून दुसरा मुलगा कोण, हे मला आठवत नाही. कुणाला तरी आठवत असेल. सर आणि बाई समोर असतानाच नावे विचारून घेऊ आणि मागे पेन्सिलीने लिहून ठेवू.