डुक्कर, सफरचंद आणि एक जुनी भीती

मंडळी, आधीच सांगून टाकते, आजचा लेख डुकराच्या मांसाबद्दल आहे. आमच्या घरातली निम्मी माणसं इथूनच परत फिरतील याची कल्पना आहे. नाशिकची मावशी तर शीर्षक वाचूनच "शिव शिव" म्हणत कॉम्प्युटर बंद करेल. पण मावशी, थांब जरा. यात रेसिपी कमी आणि इतिहास जास्त आहे, आणि इतिहास वाचून कोणी बाटत नाही. :)

इथे ओहायोत ऑक्टोबर आला की सगळे मराठी लोक जे करतात ते आम्हीही करतो. बागेत जाऊन स्वतःच्या हाताने सफरचंदं तोडतो. तोडताना भान राहत नाही आणि दोन माणसांच्या घरात वीस-बावीस पौंड सफरचंदं येऊन पडतात. मुरांबा होतो, केक होतो, शेजारीपाजारी वाटून होतात, तरी टोपली अर्धी भरलेलीच. मग एका संध्याकाळी पोर्क चॉप्स तळायचे आणि त्याच तव्यात सफरचंदाच्या फोडी परतायच्या, हे आता आमच्याकडे ठरून गेलंय. चॉप म्हणजे आपण खाटकाकडे मटणाची 'चाप' मागतो तोच तुकडा, फक्त डुकराचा.

इथल्या लोकांना ही जोडी इतकी घरची वाटते की १९७१ मध्ये 'द ब्रेडी बंच' या मालिकेच्या एका भागात एक मुलगा हम्फ्री बोगार्टच्या आवाजात नुसतं या पदार्थाचं नाव घेत फिरतो, आणि तेवढ्यावर विनोद होतो. आपल्याकडे कोणी राजकुमारच्या आवाजात "वरणभात" म्हणावं तसं. कुणालाही विचारा, ते म्हणणार, "आमच्या आजीच्या हातचं." मला मात्र प्रश्न पडला की मांसाच्या ताटात हे फळ आलं कुठून?

साधं उत्तर असं की आंबटाने ओशटपणा मरतो. ते खरंच आहे. गोव्यात गेलेल्या पोर्तुगीजांचंच बघा. मांस वाईन आणि लसणीत मुरवायची त्यांची पद्धत, 'विन्या द आल्यूश'. गोव्यात द्राक्षाची वाईन कुठून आणणार? पण माडाची सूर होती, तिचं व्हिनेगर झालं, त्यात मिरची पडली आणि विंदालू तयार झालं. सोरपोतेलमध्येही तेच व्हिनेगर. तेव्हा डुकराला आंबटाची जोड लागते हे तत्त्व जगभर आहे. पण मग अमेरिकेत लिंबू किंवा व्हिनेगर न येता नेमकं सफरचंदच का आलं? याचं उत्तर मला स्वयंपाकघरापेक्षा शेताच्या वेळापत्रकात सापडलं.

तसा हा मेळ अमेरिकेच्या कितीतरी आधीचा. अपिशियसच्या नावावर जो रोमन पाकग्रंथ आहे त्यात 'मिनुताल मातियानुम' नावाचा पदार्थ येतो. डुकराच्या मांसाचे तुकडे, सफरचंदाच्या फोडी, मध आणि व्हिनेगर. यातलं मातियानुम म्हणजे मातियसचं सफरचंद. हा गायस मातियस ज्युलियस सीझरचा मित्र होता. स्पॅनिशमध्ये सफरचंदाला 'मान्साना' म्हणतात तो शब्द याच मातियसच्या नावावरून आलाय. माणूस गेला, राज्य गेलं, आणि नाव उरलं बाजारातल्या टोपलीत!

अमेरिकेत मात्र ना हे सफरचंद होतं ना हे डुक्कर. सफरचंद मूळचं मध्य आशियातलं, कझाकस्तानच्या डोंगरांतलं. डुकरं आली कोलंबसच्या १४९३ च्या दुसऱ्या सफरीत, कॅरिबियन बेटांवर. १५३९ मध्ये हर्नान्दो दे सोतो फ्लोरिडात उतरला तेव्हा त्याच्यासोबत तेराएक डुकरिणी होत्या. १५४२ मध्ये तो मेला तेव्हा कळप सातशेच्या घरात गेला होता, आणि मधल्या काळात सैन्याने खाल्लेली वेगळी. या प्राण्याला दावणीला बांधून चारा घालावा लागत नाही. रानात सोडा, ओकची फळं खाईल, मुळं उकरेल, नाहीतर बागेत पडलेली सफरचंदं खाईल.

आता बागेचं ऐका. सफरचंदाची गंमत अशी की गोड फळाची बी लावली तरी गोड फळ येईलच असं नाही. बहुतेकदा तुरट आणि आंबटढाणच येतं. हवं तेच फळ हवं असेल तर कलम करावं लागतं. ज्याला लोक जॉनी ॲपलसीड म्हणतात तो जॉन चॅपमन (१७७४–१८४५) आमच्या या ओहायोच्या भागात बियांपासूनच रोपवाटिका लावत फिरला. म्हणजे त्या झाडांची बरीचशी फळं खाण्याऐवजी सायडर गाळायच्या लायकीची. सायडर गाळून राहिलेला चोथा कुणाला? डुकरांना. किडकी, वाऱ्याने पडलेली फळं कुणाला? डुकरांना. त्यात कीडही डुकरांच्याच पोटात जाई, म्हणजे बागही साफ. अशी सफरचंदं खाऊन जनावर दिवाळीच्या सुमाराला माजलेलं असायचं.

थंडी पडली की कापायचं. आधी कापलं तर मांस नासणार, उशीर केला तर जनावर फुकट खाणार. त्या दिवशी घरातल्या सगळ्यांना काम असे. मांड्यांचं हॅम, पोटाचं बेकन, बाकीचं खारवून पिंपात, चरबी वितळवून डब्यात. पाठीच्या कण्याजवळचं कोवळं मांस आणि बरगड्या मात्र त्याच आठवड्यात ताज्या खायच्या. आणि तळघरात तेव्हा कशाची रास लागलेली असणार? सफरचंदांची! लॉरा इंगल्स वाइल्डरच्या १९३३ च्या 'फार्मर बॉय'मध्ये कांद्याबरोबर तळलेली सफरचंदं येतात ती अशाच घरातली. ही जोडी कुणा बल्लवाने जमवलेली नाही. दोन्ही गोष्टी एकाच पंधरवड्यात घरात उतू जायच्या, एवढंच. आमच्या टोपलीचा प्रश्न म्हणजे काही नवा नव्हे.

पण यातून निघतं ते असं की ताजा चॉप ही वर्षातून थोडे दिवस मिळणारी चीज होती. एरवी खारवलेलंच. मंगळवारी मनात आलं आणि चॉप तळले, हे आजीच्या आजीला शक्यच नव्हतं. त्यासाठी बर्फ लागला. एकोणिसाव्या शतकात आमच्या जवळचं सिनसिनाटी 'पोर्कोपोलिस' म्हणून ओळखलं जायचं, इतकी डुकरं तिथे कापली जात. तेही मुख्यतः हिवाळ्यात, आणि बराचसा माल खारवून नदीमार्गे पुढे. मग १८६५ च्या नाताळात शिकागोचे युनियन स्टॉकयार्ड्स उघडले, १८८० च्या दशकात बर्फाचे रेल्वे डबे धावू लागले, आणि १९२७ मध्ये जनरल इलेक्ट्रिकचा 'मॉनिटर टॉप' फ्रिज आल्यावर यंत्राची थंडी हळूहळू साध्या घरांत शिरली. तेव्हा कुठे चॉप बारमाही झाला. आणि नेमका तेव्हाच तो वाळूसारखा कोरडा व्हायला लागला. त्याला कारण एक किडा.

१८३५ मध्ये लंडनच्या सेंट बार्थोलोम्यू हॉस्पिटलमध्ये जेम्स पॅजेट नावाच्या पहिल्या वर्षाच्या विद्यार्थ्याला प्रेताच्या स्नायूत पांढरे कण दिसले. प्रत्येक कणात वेटोळं घातलेली एक बारीक अळी. तिचं नाव ट्रायकिना. ती येते कुठून हे पंचवीस वर्षं कळलं नव्हतं. १८६० मध्ये ड्रेस्डेनला झेंकर या डॉक्टरने एका मृत तरुणीच्या शरीरात ती शोधली आणि माग काढत डुकराच्या मांसापर्यंत पोचला. १८६५ मध्ये जर्मनीतल्या हेडर्सलेबेन या लहानशा गावात कच्चं मांस खाऊन शंभरावर माणसं दगावली. तिथे डुकराचं मांस कच्चं खायची पद्धत होती, म्हणून फटका मोठा.

जर्मनीने १८८० च्या दशकात अमेरिकन डुकराचं मांस बंदच केलं. त्यात शास्त्र किती आणि आपल्या शेतकऱ्यांना वाचवणं किती, हा वाद आहेच. तोडगा म्हणून अमेरिकेने १८९१ पासून निर्यातीचा माल सूक्ष्मदर्शकाखाली तपासायला सुरुवात केली. पण निर्यातीचाच हं! घरच्या लोकांच्या ताटातलं मांस असं तपासलं जात नव्हतं. अप्टन सिंक्लेअरच्या 'द जंगल'मुळे १९०६ मध्ये मांस तपासणीचा मोठा कायदा झाला, तरी ट्रायकिनासाठी घरच्या लोकांना सल्ला एकच, नीट शिजवून खा. मला हे वाचून राग आला होता. परक्या गिऱ्हाइकाला तपासणी आणि आपल्या माणसाला उपदेश!

उपदेश पुरला नाही. १९४० च्या दशकात प्रेतं तपासून केलेल्या पाहणीत साधारण सहांत एका अमेरिकन माणसाच्या अंगात ही अळी सापडली. बहुतेकांना जन्मात पत्ता लागला नसेल. शहरालगतच्या डुकरांना हॉटेलांचं खरकटं कच्चंच घालत, त्यात डुकराच्याच मांसाचे तुकडे असत आणि चक्र चालू राही. ते तुटलं १९५० च्या दशकात, तेही दुसऱ्याच कारणाने. १९५२ मध्ये डुकरांची एक वेगळीच साथ खरकट्यातून पसरली आणि राज्यांनी खरकटं शिजवूनच घालायचे कायदे केले. पुढे बंदिस्त गोठे आले आणि डुकरांमधली ट्रायकिना जवळजवळ संपली. आता वर्षाला मोजके रुग्ण आढळतात, आणि त्यांतले बरेच अस्वलाचं मांस खाणारे शिकारी.

भीती मात्र स्वयंपाकघरात ठाण मांडून बसली. अळी ५८ अंश सेल्सिअसला मरते, पण सरकारी पुस्तकात आकडा होता ७१, आणि आया त्याच्याही वर जात. मांस आतून राखाडी होईपर्यंत. त्यात दुसरा घाला आला. सिनसिनाटीत १८३७ मध्ये एक मेणबत्तीवाला आणि एक साबणवाला, दोघे साडू, एकत्र आले. हेच प्रॉक्टर अँड गॅम्बल. कत्तलखान्यांतल्या चरबीवर वाढलेल्या याच कंपनीने १९११ मध्ये क्रिस्को हे वनस्पती तूप आणलं आणि डुकराच्या चरबीचं दुकान उठवलं! चरबीला भाव नाही म्हटल्यावर डुक्करच सडपातळ करायला घेतलं. १९८७ पासून तर 'दुसरं पांढरं मांस' अशी जाहिरात, जणू कोंबडीच. आता चरबी नसलेलं मांस ७१ अंशांपुढे नेल्यावर काय उरणार? बाजूच्या वाटीतलं सफरचंद मुळात सुकाळातून आलं, पण विसाव्या शतकात ते टिकलं त्याचं एक कारण, माझ्या मते, घास गिळायला ओलावा हवा होता. सरकारने आकडा ६३ वर आणला तो २०११ मध्ये, वर तीन मिनिटं तसंच ठेवायचं. (खिम्याला अजून ७१ च.)

असो. माझी पद्धत साधी आहे. हाडासकट, इंचभर जाडीचे चॉप घ्यायचे. पातळ घेऊ नका, वर रंग येईपर्यंत आत वाळतात. तासभर आधी मीठ लावायचं, मग कागदाने टिपून कोरडे करायचे. बिडाचा तवा चांगला तापला की आधी चॉप कडेवर उभे धरायचे म्हणजे कडेची चरबी सुटते, मग त्याच चरबीत दोन्ही बाजूंनी तळायचे. आत थर्मामीटर खुपसून बघायचं आणि ६३ झाले की काढून झाकून ठेवायचे. तव्यात उभा चिरलेला कांदा, तो मऊ झाला की सफरचंदाच्या जाड फोडी आणि सेजची दोन पानं. सायडरचा एक शिपका मारून तळाला लागलेलं सगळं खरवडून घ्यायचं. ग्रॅनी स्मिथ किंवा जोनाथन घ्या. रेड डेलिशियस दिसायला देखणं, पण तव्यात त्याचा पार लगदा होतो. मी वरून चिमूटभर मिरपूड घालते आणि नवरा लिंबू पिळतो, ते त्याचं त्याने बघावं.

शेजारच्या आजी दक्षिण ओहायोत शेतावर वाढल्या, ऐंशी पार केलेल्या. ऑक्टोबरात त्यांना एकदा जेवायला बोलावतेच. त्या पहिला घास घेण्याआधी चॉप मधोमध कापून रंग बघतात आणि गुलाबी दिसला की काटा क्षणभर थांबतो. त्यांच्या आईने शिकवलेलं आहे ते, आणि त्या काळी ते बरोबरच होतं. मी काही बोलत नाही. थर्मामीटर मात्र टेबलावर त्यांना दिसेल असा ठेवते.