गाणाऱ्याच्या मनात पाप नसते

पहाटेचे ३ वाजले आहेत. एक तरुण आई उठते, घरची कामे उरकते, तान्ह्या लेकराची सोय लावते आणि अंधारातच कापडगिरणीची वाट धरते. परतल्यावर पुन्हा चूल, धुणे, लेकरू. अंथरुणाला पाठ टेकते तेव्हा रात्रीचे १० झालेले असतात. निवेदकाचा एक शब्दही नाही. ‘३ ते २२’ या नावाचा हा जेमतेम पाव तासाचा माहितीपट क्रेशो गोलिक यांनी १९६६ साली केला. कामगारांचे राज्य म्हणवणाऱ्या युगोस्लाव्हियात कामगार स्त्रीचा दिवस कसा जातो, एवढेच त्यांनी दाखवले, आणि तेवढे पुरेसे होते.

हा माहितीपट करणारा माणूस तेव्हा स्वतःच बाजूला सारलेला होता. गोलिक यांचा जन्म १९२२ सालचा, क्रोएशियातील फुझिने या गावचा. फुटबॉलच्या पार्श्वभूमीवरचा ‘निळा ९’ (१९५०) हा त्यांचा पहिला चित्रपट लोकांना आवडला. १९५५ साली ‘मुलगी आणि ओक वृक्ष’ आला. पण पुढे त्यांचा भूतकाळ आडवा आला. महायुद्धाच्या काळात, उस्ताशी राजवटीत, विशीच्या उंबरठ्यावरच्या गोलिक यांनी त्यावेळच्या नियतकालिकांतून लेखन केले होते. ही राजवट नाझींची मांडलिक. सर्ब, ज्यू व रोमा लोकांची तिने कत्तल केली. तिने कॅथलिक नावाचाही आधार घेतला होता, हे आपण कॅथलिक वाचकांनी तर विसरताच कामा नये. तेव्हा गोलिक यांच्यावर निव्वळ अन्याय झाला, असे म्हणून मोकळे होता येत नाही. परंतु तरुणपणीच्या लेखणीची किंमत किती वर्षे मोजावी, हा प्रश्नही उरतोच. १९५५ नंतर तब्बल १३ वर्षे त्यांच्या नावावर एकही कथापट नाही. इतरांच्या चित्रपटांवर साहाय्यकाचे काम करीत ते टिकून राहिले.

१९६८ साली त्यांनी कथापटात पुनरागमन केले ते ‘मला दोन आया आणि दोन बाबा’ घेऊन. घटस्फोटानंतर मांडलेल्या दोन नव्या संसारांची ही कथा मुलाच्या नजरेतून सांगितलेली आहे. तेव्हा सरकारी पाठबळ होते ते भव्य युद्धपटांना. १९६९ सालच्या ‘नेरेत्वाची लढाई’त तर ऑर्सन वेल्स आणि यूल ब्रायनर यांच्यासारखे परदेशी नट होते. पुढच्याच वर्षी गोलिक यांनी एका बिऱ्हाडाची गोष्ट सांगितली.

तिचे नाव ‘गाणाऱ्याच्या मनात पाप नसते’. व्येकोस्लाव मायेर यांच्या कथेवरून पटकथा गोलिक यांनी स्वतःच लिहिली. काळ १९३५, स्थळ झाग्रेब. शाफ्रानेक कुटुंब सामोबोरला सहलीला जाते. तेथे फुलिर नावाचे एक छानछोकी गृहस्थ भेटतात आणि घरी येऊ लागतात. वडील फ्रान्यो मनात मांडे खातात, की याचे लग्न आपल्या अविवाहित मिनामावशीशी जुळावे! फुलिर यांचा डोळा मात्र गृहिणी आना हिच्यावर. हे सारे लहानगा पेरित्सा आपल्या रोजनिशीत टिपतो. त्याला दिसते सगळे, कळते थोडेच. म्हणूनच वडिलांचा मत्सर, आईचे हरखून जाणे, मावशीची आशा, कशाचाच उपहास होत नाही. शेवटी फुलिर मावशीच्याच पदरात पडतात आणि संसार सावरतो. फ्रान्योच्या भूमिकेतील मायेतिच यांचा रागही लोभस वाटतो. मला या चित्रपटात सर्वांत जवळचा वाटला तो हाच बाप.

पुढे १९७५ साली ‘ग्रुंतोवचानी’ ही १० भागांची दूरचित्रवाणी मालिका आली. म्लादेन केर्स्टनर यांनी ती काइकावियन या ग्रामीण बोलीत लिहिली होती. सगळ्यांकडून फसवला जाणारा तिचा भोळा नायक दुदेक क्रोएशियात घराघरांत पोहोचला. प्रमाणभाषेचा दिमाख असलेल्या पडद्यावर खेड्यातली बोली दहा भाग टिकली, हेही थोडके नव्हे.

‘ऑर्किड व्हिला’ (१९८८) हा गोलिक यांचा अखेरचा कथापट. १९९६ साली झाग्रेब येथे त्यांचे निधन झाले. त्यानंतर तीन वर्षांनी, १९९९ साली, क्रोएशियन समीक्षकांनी आजवरचा सर्वोत्कृष्ट क्रोएशियन चित्रपट निवडला. तो होता शाफ्रानेक कुटुंबाचा.