काळ्या पाषाणाचं कुळ

पाटा-वरवंटा, जातं, देवळाची पायरी, रुळांखालची खडी, रायगडाचा तट. महाराष्ट्रात वाढलेल्या मुलाच्या हाताला आयुष्यात पहिला दगड लागतो तो बहुधा काळाच. विहिरी खणणारे त्याला काळा पाषाण किंवा फत्तर म्हणतात आणि पुस्तकं बेसाल्ट. पुस्तकात तो ‘अग्निजन्य खडक’ या एका ओळीत उरकला जातो, म्हणजे आग लागली, दगड झाला, संपलं. मला हे कधीच पटलेलं नाही. आगीनं त्याला फक्त जन्म दिला. पुढचं सगळं घडवलं ते पाण्यानं.

जन्माची गोष्ट 6 कोटी 60 लाख वर्षांपूर्वीची, डायनासोरांच्या अखेरच्या काळातली. भारताची भूमी तेव्हा आशियाला चिकटलेली नव्हती, समुद्रातून उत्तरेकडे सरकत होती. वाटेत ती एका तप्त जागेवर आली. ती जागा आज हिंदी महासागरातल्या रियुनियन बेटाखाली आहे. जमिनीला लांबच लांब भेगा पडल्या आणि त्यांतून लाव्हा पुरासारखा पसरला. चित्रात काढतात तसा टोकदार, धुमसता डोंगर इथे शोधू नका. एक थर वाहायचा, थिजायचा, मग त्यावर दुसरा. मधल्या काळात कधी इतकी शांतता असायची की वरचा दगड कुजून माती व्हायची. नंतरचा लाव्हा आला की ती माती भाजून निघायची. घाटातून जाताना कापलेल्या दरडीत काळ्या थरांमधून लाल पट्टा गेलेला दिसतो, तो बऱ्याचदा या भाजलेल्या मातीचा असतो. हे थर आज सुमारे 5 लाख चौरस किलोमीटरांवर पसरलेले आहेत. कोयनेजवळ शास्त्रज्ञांनी भूकंपांच्या अभ्यासासाठी खोल छिद्रं पाडली, तेव्हा नऊशे मीटरांहून अधिक बेसाल्ट पार केल्यावर खाली वेगळाच, अब्जावधी वर्षं जुना ग्रॅनाइटसारखा खडक लागला. तो या कुळातला नव्हे.

लाव्हा निवताना त्यातली लोह, मॅग्नेशियम, कॅल्शियम, सिलिका अशी द्रव्यं एकमेकांना धरून स्फटिक बनवू लागतात. सावकाश निवायला वेळ मिळाला तर कण मोठे होतात. उघड्यावर पसरलेल्या लाव्ह्याला तेवढा वेळ मिळत नाही, म्हणून आपल्या पाषाणाचे कण डोळ्यांना दिसत नाहीत आणि तो घट्ट, एकजीव वाटतो. निवताना तो आकसतो आणि तडकतो. कधी कधी हे तडे इतके शिस्तीत जातात की उभे बहुकोनी खांब तयार होतात. मुंबईत अंधेरीला इमारतींच्या गराड्यात गिल्बर्ट हिल उभा आहे, सुमारे 60 मीटर उंच, असल्याच खांबांचा. मुंबईच्या शाळांच्या सहली तिथे का जात नाहीत, हे मला कोडंच आहे.

आता पाणी. लाव्ह्यात वायू असतात. ते वर येऊ पाहतात आणि वरचा भाग थिजला की तिथेच अडकतात. घावनाला जाळी पडते तशी थराच्या माथ्याला भोकं पडतात. पुढे हजारो-लाखो वर्षं कोमट-गरम पाणी खडकातून झिरपत राहतं, वाटेत थोडी थोडी द्रव्यं विरघळवून घेतं आणि या रिकाम्या पोकळ्यांत ठेवून देतं. आधी भिंतीला हिरव्या खनिजाचं अस्तर लागतं. अशीच हिरवी माती अजिंठ्याच्या चित्रकारांनी रंगासाठी वापरली. मग गारगोटी आणि झिओलाइट कुळातले पांढरे, गुलाबी, पिसाऱ्यासारखे स्फटिक वाढतात. हे स्फटिक आगीतून आले असं अनेकांना वाटतं. ते लाव्हा थंड झाल्यावर आले, काही तर कितीतरी नंतर.

बोरघाटातला लोहमार्ग 1863 मध्ये पुरा झाला. तो खोदताना असे मोठाले स्फटिक निघाले आणि युरोपातल्या संग्रहालयांपर्यंत पोहोचले. पुण्याजवळ वाघोलीला खडीच्या खाणींत तर कॅव्हनसाइट सापडलं, चटक निळ्या रंगाचं. ते मुळात अमेरिकेतल्या ओरेगनमध्ये ओळखलं गेलं होतं, पण त्याचे जगात नावाजलेले नमुने वाघोलीचे आहेत. खडीसाठी सुरुंग लावावा आणि आतून असलं निळं फूल निघावं! बघायचं असेल तर सिन्नरच्या गारगोटी संग्रहालयात जावं.

झिओलाइटच्या आत सूक्ष्म पिंजरे असतात आणि त्यांत पाणी कोंडलेलं असतं. 1756 मध्ये स्वीडनच्या क्रोन्स्टेट यांनी तो तापवला, तेव्हा दगडाला जणू उकळी फुटली. कपडे धुण्याच्या पावडरीत कृत्रिम झिओलाइट घालतात ते याच पिंजऱ्यांसाठी, कारण पाणी जड करणारं कॅल्शियम ते धरून ठेवतात.

हाच पाषाण कोकणात पोहोचला की ओळखू येत नाही. तिथे पावसाळ्यात तीन-तीन हजार मिलिमीटर पाऊस आणि नंतर सहा-आठ महिने कोरडं ऊन. लाखो वर्षं हे चाललं की पाणी दगडातली सिलिका, कॅल्शियम, मॅग्नेशियम धुऊन नेतं. मागे राहतात लोह आणि ॲल्युमिनियम, लोह गंजून तांबडं झालेलं. हाच जांभा. खाणीत असताना तो मऊ असतो, त्याचे चिरे कापता येतात आणि वारा लागला की टणक होतो. फ्रान्सिस बुकानन या ईस्ट इंडिया कंपनीच्या नोकरीतल्या डॉक्टराला असाच दगड केरळात भेटला आणि 1807 मध्ये छापलेल्या प्रवासवर्णनात त्यानं त्याला लॅटेराइट म्हटलं. कोकणातली घरं, गडगे, विहिरी मात्र त्याच्या नावाची वाट बघत थांबल्या नव्हत्या. रत्नागिरीच्या सड्यांवरची कातळशिल्पं या जांभ्यावर कोरलेली आहेत आणि पाचगणीच्या टेबललँडचा सपाट माथाही जांभ्याचाच.

घाटाच्या पलीकडे, विदर्भ-मराठवाड्यात पाऊस बेताचा आणि जमीन सपाट. तिथे कॅल्शियम, मॅग्नेशियम, सिलिका वाहून जात नाहीत, जागीच राहतात. पाषाण आधी मुरूम होतो आणि शेवटी काळी चिकण माती. तिचे कण पत्र्यासारखे पातळ, थरांमध्ये पाणी शिरलं की फुगणारे. म्हणून पावसाळ्यात पाय रुततो, वैशाखात हात जाईल एवढ्या भेगा पडतात आणि दरम्यान कापूस त्याच ओलीवर तग धरतो. तांबडा जांभा आणि काळी कपाशीची जमीन सख्खी भावंडं आहेत हे कळल्यावर नकाशा वेगळाच दिसू लागतो.

एक वंशज मात्र पाण्याचा नाही. लोणारला उल्का आदळली, जवळजवळ 1.8 किलोमीटर रुंदीचं विवर झालं आणि त्या धक्क्यानं बेसाल्टमधली काही खनिजं वितळण्याआधीच काचेसारखी होऊन गेली. चंद्रावरही बेसाल्ट आणि विवरं आहेत, म्हणून चंद्राचे अभ्यासक लोणारच्या दगडांत इतका रस घेतात.

आणि जे वाहून गेलं त्याचा काही भाग तुम्हाला घरबसल्या सापडेल. काळ्या पाषाणाच्या मुलखातल्या ओढ्याची मूठभर वाळू आणून वाळवा, लोहचुंबकाला कागद गुंडाळून त्यात फिरवा. चिकटतील ते काळे कण म्हणजे मॅग्नेटाइट, त्याच लाव्ह्यातलं लोह. कागद आठवणीनं गुंडाळा, नाहीतर ते कण चुंबकावरून सोडवताना रविवार जाईल.