आसेध आणि अटक : बंधनाचा आरंभ कोणत्या क्षणीं?

(१) एखादा मनुष्य बंधनांत पडला असें केव्हां म्हणावें? शिपायानें त्याचा हात धरला तेव्हां, ‘येथून हलूं नको’ असें बजावलें तेव्हां, कीं कचेरींतील वहींत त्याचें नांव चढलें तेव्हां? प्रश्न लहान दिसतो; परंतु धरलेल्या मनुष्यास न्यायाधीशापुढें रुजू करण्याची मुदत ज्या क्षणापासून मोजावयाची, तो क्षणच यावर ठरतो. नांदेड-लातूर प्रांताच्या शेजारींच या प्रश्नाचा शास्त्रीय ऊहापोह झालेला आहे, हें दाखविण्याचा प्रस्तुत लेखाचा हेतु आहे.

(२) राष्ट्रकूटांच्या बिरुदांतील लट्टलूर म्हणजेच लातूर, असें बहुतेक संशोधक मानतात. पुढें हा मुलूख कल्याणीच्या चालुक्यांकडे गेला. देगलूर तालुक्यांतील होट्टलचीं देवळें त्यांच्याच काळचीं. लातूरच्या दक्षिणेस असलेल्या या कल्याणींत, सहाव्या विक्रमादित्याच्या कारकीर्दींत (१०७६-११२६), विज्ञानेश्वरानें याज्ञवल्क्यस्मृतीवर मिताक्षरा रचिली. तींतील व्यवहाराध्यायाच्या आरंभीं नारदवचनांच्या आधारें ‘आसेध’ हा विषय आला आहे.

(३) आसेध म्हणजे राजाज्ञेच्या बळावर वादीनें प्रतिवादीस केलेला अवरोध. त्याचे प्रकार चार : अमुक जागा सोडूं नको, अमुक काळ लोटेपर्यंत जाऊं नको, प्रवासास निघूं नको, अमुक काम करूं नको. येथें दोरी नाहीं, बेडी नाहीं; केवळ शब्द आहे. तरीहि तो शब्द उच्चारतांच प्रतिवादी ‘आसिद्ध’ होतो, आणि तो मोडल्यास दंडास पात्र ठरतो. म्हणजे बंधनाचा आरंभ प्रतिबंधाच्या क्षणीं, लेखाच्या क्षणीं नव्हे. त्याची मर्यादाहि सांगितली आहे : राजाचें आह्वान येईपर्यंतच. आसेध हा न्यायसभेकडे नेणारा पूल. तेथें मुक्काम करावयाचा नाहीं.

(४) कोणास अडवूं नये याचीहि यादी नारद देतो : लग्नास निघालेला, रोगी, यज्ञास सिद्ध झालेला, संकटांत सांपडलेला, पेरणीच्या वेळचा शेतकरी, गुरें चारणारा गुराखी, युद्धांतील सैनिक. नदी उतरतांना किंवा अरण्यांत आसेध मोडला तर दोष नाहीं. उलट, अयोग्य आसेध करणाराच दंडास पात्र.

(५) आसेध हा मुख्यतः वादी-प्रतिवादींमधील उपाय आहे. त्यास आजच्या पोलिसी अटकेचें पूर्वरूप म्हणणें घाईचें होईल. गुन्ह्याच्या बाजूस कौटिलीय अर्थशास्त्र अधिक जवळचें. गुन्ह्यानंतर तीन रात्री उलटल्या तर, गुन्ह्याचीं साधनें सांपडल्याखेरीज, केवळ संशयितास धरूं नये. कारण मग विचारपूस निरर्थक होते, असें तेथें म्हटलें आहे. कोठडींतील मनुष्याचें अंथरुण, अन्न व शौच अडविणाऱ्यासहि दंड सांगितला आहे. मात्र रुजू करण्याच्या मुदतीचे तास मोजलेले यांत कोठें आढळत नाहींत.

(६) ते तास मागाहून आले. १८९८ च्या फौजदारी संहितेंत चोवीस तासांची मर्यादा होती. नांदेड व लातूर हीं १७ सप्टेंबर १९४८ पर्यंत निजामी राज्यांत होतीं. २६ जानेवारी १९५० पासून संविधानाच्या २२ व्या अनुच्छेदानें, प्रवासाचा वेळ वगळून चोवीस तासांत दंडाधिकाऱ्यापुढें नेलें जाण्याचा हक्क या भागासहि मूलभूत म्हणून मिळाला. प्रतिबंधक स्थानबद्धता मात्र या नियमाबाहेर ठेविली गेली. १ जुलै २०२४ पासून अमलांत आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेंतहि (कलम ५८) हीच मुदत आहे.

(७) पण चोवीस तास कोठून मोजावयाचे? मुंबई उच्च न्यायालयानें १९९० च्या एका निर्णयांत सांगितलें कीं, स्वातंत्र्यावर प्रत्यक्ष बंधन पडतें तेव्हांच अटक सुरू होते. अधिकारी कागदावर जी वेळ घालतो ती निर्णायक नव्हे. तसें नसतें तर मनुष्यास दोन दिवस ‘चौकशीसाठीं’ बसवून तिसऱ्या दिवशीं अटक लिहितां आली असती, आणि हक्क अबाधित दिसून हक्कदार मात्र कोठडींत राहिला असता. १९९६ मध्यें सर्वोच्च न्यायालयानें अटकेच्या पत्रकावर दिवस, वेळ व साक्षीदाराची सही आवश्यक केली, ती याच धोक्यामुळें.

(८) जुन्या कागदांच्या संग्राहकांस यांत अपरिचित असें कांहीं नाहीं. लेखाची मिति ही घटनेची मिति नव्हे, हा तर आपल्या शास्त्राचा पहिला धडा. म्हणून ज्यांच्या दप्तरांत ‘धरून आणिला’ आणि ‘रुजू केला’ असे उल्लेख असतील, त्यांनीं दोन्ही मित्या वेगळ्या टिपून घ्याव्या. त्यांच्यामधील अंतर हेंच त्या काळच्या न्यायाचें खरें माप होय.