दि. ब. देवधर : वय आणि फलंदाजी

भारतीय क्रिकेट संस्थानिकांच्या आश्रयावर पोसले जात होते त्या काळात दिनकर बळवंत देवधर (१८९२–१९९३) पुण्याच्या सर परशुरामभाऊ महाविद्यालयात संस्कृत शिकवीत होते. डिसेंबर १९२६मध्ये गिलिगनच्या एम.सी.सी. संघाविरुद्ध मुंबईत अखिल भारतीय संघाकडून त्यांनी १४८ धावा काढल्या. भारताची पहिली कसोटी मात्र जून १९३२मध्ये, लॉर्ड्‌सवर झाली. देवधर तेव्हा चाळीस वर्षांचे होते, आणि संघात नव्हते.

येथे हळहळून थांबण्याची रीत आहे. पण त्यांची मोठी कामगिरी यानंतरची! त्यांच्या नेतृत्वाखाली महाराष्ट्राने १९३९–४० आणि १९४०–४१ अशी लागोपाठ दोन वर्षे रणजी करंडक जिंकला. विजय हजारे यांच्या नाबाद ३१६ धावा याच संघाकडून झाल्या. दुसऱ्या मोसमात मुंबईविरुद्ध पुण्यात देवधरांनी अठ्ठेचाळिसाव्या वर्षी २४६ धावा केल्या. महाराष्ट्राच्या ६७५ धावांना मुंबईने ६५०चे उत्तर दिले, यावरून त्या सामन्याची चुरस कळावी. पुढे १९४४–४५मध्ये, पन्नाशी उलटलेली असताना, नवानगरविरुद्ध त्यांनी दोन्ही डावांत शतके झळकावली.

अध्यापनाने त्यांचा सरावाचा वेळ घेतला असेल. परंतु त्यांची उपजीविका कोणा आश्रयदात्याच्या मर्जीवर नव्हती. त्यांनी केव्हा थांबावे, हे दुसऱ्याने ठरवायचे नव्हते. प्रथम श्रेणीतील त्यांचा खेळ १९११पासून १९४८पर्यंत चालला. सुंदर, सुमन आणि तारा या त्यांच्या कन्यांनी पुढे बॅडमिंटनचे मैदान गाजविले.