१९४२ चा उठाव, वृत्तनिर्बंध आणि तुळिंजचे मौन

नालासोपारा स्थानकाच्या पूर्वेस वसलेले तुळिंज आज वसई-विरार महानगरपालिकेच्या हद्दीत मोडते. १९४२ साली ते ठाणे जिल्ह्यातील एक खेडे होते. अशा खेड्याचे नाव तत्कालीन वृत्तपत्रांत आढळले नाही, तर उठावाच्या काळात तेथे काही घडलेच नाही, असे अनुमान काढता येईल काय?

या प्रश्नाचा विचार करताना वृत्तनिर्बंधांचे स्वरूप ध्यानात घेणे अवश्य आहे. ८ ऑगस्ट १९४२ रोजी, ‘चले जाव’ ठराव संमत झाला त्याच दिवशी, सरकारने भारत संरक्षण नियमांन्वये आज्ञा काढली. तदनुसार आंदोलनाची वार्ता केवळ सरकारी सूत्रे, मान्य वृत्तसंस्था अथवा नोंदणीकृत वार्ताहर यांच्याकडूनच घेता येई. ‘हरिजन’ बंद पडले. ‘नॅशनल हेरल्ड’चे प्रकाशनही थांबले. मोठ्या शहरात निदान असे वार्ताहर तरी होते. खेड्यातील घटना सरकारी निवेदनाच्या रूपानेच छापली जाण्याचा संभव अधिक होता.

तुळिंजच्या उत्तरेस, त्याच लोहमार्गावरील पालघर येथे १४ ऑगस्ट रोजी कचेरीवर मोर्चा गेला. गोळीबारात काशिनाथ पागधरे, गोविंद ठाकूर, रामचंद्र चुरी, रामप्रसाद तिवारी व सुकुर मोरे हे पाच जण हुतात्मा झाले. त्यांची स्मृती पालघरचा हुतात्मा स्तंभ व तेथील वार्षिक अभिवादन यांनी जतन केली आहे.

आंदोलकांनीही स्वतःची साधने निर्माण केली. उषा मेहता व त्यांच्या सहकाऱ्यांनी मुंबईत गुप्तपणे चालविलेल्या काँग्रेस रेडिओने, १२ नोव्हेंबर १९४२ रोजी तो पकडला जाईपर्यंत, चिमूर व आष्टी येथील दडपशाहीच्या वार्ता प्रसृत केल्या. तथापि लोकांचे धैर्य टिकविणे हा त्याचा हेतू असल्याने तोही तटस्थ साक्षीदार नव्हे. सरकारी वृत्त व गुप्त वृत्त ही परस्परांच्या कसोटीवर घासूनच स्वीकारली पाहिजेत.

तुळिंजपासून जवळच असलेल्या सोपाऱ्यास अशोकाच्या आठव्या व नवव्या शिलालेखांचे अंश सापडले आहेत. राजाज्ञा शिळेवर टिकते. प्रजेचे बोलणे मात्र प्रजेबरोबरच लोपते. म्हणून वृत्तपत्रांचे मौन हा सहभागाचा पुरावा नव्हे, तसाच अभावाचाही नव्हे. निर्णय करावयाचा तो पोलीस, तुरुंग व महसूल दप्तरे आणि वृद्धांच्या साक्षी ताडून पाहूनच. यांपैकी दप्तरे काही काळ थांबू शकतील. परंतु १९४२ साली दहा वर्षांचे असलेले मूल आज नव्वदी ओलांडून गेले आहे.