तळटीप : फुंकून दाखवायची तपासणी

* म्हणजे स्पायरोमेट्री. महाडच्या औद्योगिक वसाहतीतल्या रसायन कारखान्यांमुळे इथे तिचे महत्त्व अधिक. भोपाळच्या वायुदुर्घटनेनंतर, कारखाने कायद्याच्या १९८७ च्या दुरुस्तीने, धोकादायक प्रक्रियेवरच्या कामगाराची कामावर लावण्याआधी आणि पुढे वर्षातून एकदा तरी वैद्यकीय तपासणी कायद्याने बंधनकारक झाली. स्पायरोमेट्रीत नाकाला चिमटा, ओठ नळीभोवती घट्ट. छाती भरून घ्यायची आणि सगळा जोर लावून एका दमात रिकामी करायची. तपासणारा शेजारी ‘सोडा, सोडा, अजून सोडा’ म्हणून ओरडत असतो, आणि त्याने ओरडायलाच हवे. भिडेने हळू फुंकले तर धडधाकट माणूसही कागदावर आजारी ठरतो. एकूण सोडलेल्या हवेपैकी पहिल्या सेकंदात ७० टक्क्यांहून कमी बाहेर आली, तर श्वासनलिका अरुंद झाल्याचा संशय घेतात. मग साल्ब्युटामॉलचा फवारा देऊन १५ मिनिटांनी पुन्हा फुंकायला लावतात. आकडा चांगला वाढला तर दम्याकडे बोट. फारसा हलला नाही तर सीओपीडीकडे, म्हणजे श्वासनलिका कायमच्या अरुंद होण्याच्या आजाराकडे. हा दुसरा आजार विडी ओढणाऱ्यांचाच, ही समजूत चुकीची. पोलादपूरच्या डोंगरवाड्यांत चुलीच्या धुरात जन्म काढलेल्या बाईलाही तो गाठू शकतो, आणि तिच्यासाठी वार्षिक तपासणीचा कायदा नाही.